चोवीस डब्यांची तेजी

"माणसाला झोपायला खाट देतात, राखणीचा माचा नाही," वहिनींच्या कानाशी पुटपुट झाली.

कानाशी म्हणजे अगदी कानाशीच. सासूबाईंना खाटेवरून उतरवायचं म्हणजे त्यांचा एक हात वहिनींच्या गळ्यात, दुसरा कपाटाच्या मुठीवर आणि उजवा पाय हवेत स्टूल चाचपतोय, अशी रोज सकाळची कसरत होती. त्या अवस्थेत माणूस जे बोलतं ते मनापासून बोलतं.

"थोडेच दिवस, आई," वहिनी म्हणाल्या. "एकदा तेजी आली की..."

"तेजीत सगळं वर जातं ना गं? मग मी खाली कशी येणार?"

वहिनींनी त्यांचा पाय धरून स्टुलावर टेकवला आणि विषय तिथेच सोडला.

खाट मूळची ठेंगणी. सासूबाईंच्या गुडघ्यांची सोय म्हणून सुताराकडून मुद्दाम पाय कापून घेतलेली. आता ती तुपाच्या डब्यांवर उभी होती. चार पायांखाली चार डबे आणि पोटाखाली उरलेले वीस, पाच-पाचच्या चार रांगांत, पंधरा किलोंचे, चौकोनी, पत्र्याचे, सीलबंद. त्या सगळ्यांखाली लाकडी फळ्या, कारण तुपाचा साठा जमिनीपासून सहा इंच उंच हवा असा नियम आहे. नियम कुठून आला ते पुढे कळेलच. तूर्त एवढंच, की त्या घरात साडेतीनशे किलोंच्या वर तूप होतं आणि दोन महिन्यांत कुणाच्या भातावर त्यातला थेंब पडला नव्हता. ते तूप नव्हतं, तो माल होता. मालाला चमचा लावत नसतात.

आणि हा सगळा डोलारा उभा होता तो वहिनींच्या एका वाक्यावर.

वहिनी दूध मंडळाच्या बाजार-माहिती कक्षात बावीस वर्षं नोकरीला होत्या. देशभर तूप काय भावानं जातंय आणि पुढे काय होईल, हे एका पानात सांगणारं पत्रक त्या दर शुक्रवारी काढत. पद्धत सोपी होती. सोमवारी तीन शहरांतल्या तीन घाऊक व्यापाऱ्यांना फोन करायचा, भाव लिहून घ्यायचे, तक्ता भरायचा आणि खाली 'कल' असा मथळा देऊन एक वाक्य लिहायचं. वाक्यं तीनच ठरलेली: भाव स्थिर, तेजीकडे कल, मंदीचं वातावरण. बावीस वर्षांत त्यांनी चौथं वाक्य लिहिलं नव्हतं, आणि या तिन्हींतलं एकही खोटं लिहिलं नव्हतं. पत्रक वाचतं कोण, हे मात्र त्यांना ठाऊक नव्हतं. एकदा चपलांच्या दुकानात नव्याकोऱ्या बुटाच्या पोटात ते कोंबलेलं दिसलं, तेव्हा परगावी शेजारीण भेटावी तसा आनंद झाला होता त्यांना.

मग तो सोमवार आला. वहिनींचा घसा साफ बसला होता. सकाळी निघण्याआधी नवऱ्यानं दोनदा मिठाचं गरम पाणी करून दिलं, गुळण्या झाल्या, पण घशातून शब्दाऐवजी नुसती हवा येत होती. ऑफिसात पोचतात तर कक्षप्रमुख टेबलाशी उभे.

"बाई, सलग अकरा आठवडे 'भाव स्थिर'! वरच्या मजल्यावरून विचारणा झाली, तुमचा कक्ष चालू आहे ना म्हणून. जरा हालचाल दाखवा हो."

वाद घालायला आवाज नव्हता. फोन करायलाही नव्हता. वहिनींनी मागच्या आठवड्याचे आकडे घेतले, प्रत्येकाला हलकेच कोपरानं वर ढकललं आणि खाली लिहिलं: 'येत्या महिनाभरात लक्षणीय तेजी अपेक्षित.' चौथं वाक्य. खरं सांगायचं तर 'लक्षणीय' लिहिताना त्यांना फार बरं वाटलं. बावीस वर्षं एकाच रंगाची साडी नेसणाऱ्या बाईनं एकदा जरा काठ बदलावा, तसं.

बुटाच्या पोटात जायचंय, त्यांनी मनाशी म्हटलं. कुणाचं काय बिघडतंय?

बिघडायला घरी माणूस बसलेलं होतं. त्यांचे यजमान मोजणी खात्यातून नुकते निवृत्त झाले होते. आयुष्यभर लोकांच्या जमिनी मोजल्या म्हणून इमारतीत त्यांना मोजणीभाऊ म्हणत. निवृत्तीच्या पहिल्या आठवड्यात भाऊंनी घर मोजलं. स्वयंपाकघर नकाशापेक्षा पाऊण इंच कमी भरलं, तर बिल्डरला तीन पत्रं गेली. दुसऱ्या आठवड्यात जिना झाला. मोजण्यासारखं काही उरेना, तेव्हा त्यांनी बायकोचं पत्रक हातात घेतलं. बावीस वर्षांत घरात ते पहिल्यांदाच कुणी वाचत होतं, तेही पेन्सिल घेऊन. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर त्यांनी तुपाचा आलेख काढला. वहिनी चहा देताना त्या आलेखाकडे तिरक्या नजरेनं बघत आणि लग्न ठरल्यावर लाजल्या नव्हत्या एवढ्या लाजत.

शनिवारी वहिनी भाजी घेऊन परतल्या, तर दारात टेम्पो उभा आणि जिन्यात डबे.

"अगं, लक्षणीय!" भाऊ वरून ओरडले. "तू कधी म्हणतेस का असं? बावीस वर्षांत एकदा म्हणालीस! तुझा अभ्यास नि माझा वेळ, दोन्ही आता कामाला लागणार!"

तेव्हाच सांगायला हवं होतं. घसा तोवर सुटलाही होता. पण जिन्यात तळमजल्याचे शिंपीदादा उभे होते, समोरच्या दातांच्या डॉक्टरीणबाई होत्या, आणि इमारतीचे सेक्रेटरी, ज्यांना सगळे नियमकाका म्हणत, ते डब्यांना कठड्यापासून किती अंतर ठेवायचं ते सांगत होते. तिघांनी वळून वहिनींकडे पाहिलं. असं त्यांच्याकडे आजवर कुणी पाहिलं नव्हतं.

"घरात तज्ज्ञ असला की बरं असतं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

वहिनींनी उघडलेलं तोंड भाजीच्या भावाबद्दल काहीतरी बोलून मिटलं.

आठवड्याभरात शिंपीदादांनी दहा डबे आणले. डॉक्टरीणबाईंनी पंधरा. "मी पेशंटना गोडाला नाही म्हणते, तुपाला कुठे म्हणते?" असा त्यांनी खुलासाही केला, जो कुणी मागितला नव्हता. नियमकाकांनी चार दिवस नियम वाचले, मनाई कुठे सापडली नाही, तेव्हा सात आणले. सगळे मिळून इमारतीत छप्पन डबे झाले आणि त्यांच्यापाठोपाठ सल्ले. डॉक्टरीणबाईंचं म्हणणं, डबे पंधरा दिवसांनी उलटे करावेत, म्हणजे तुपाचा रवा सारखा बसतो. शिंपीदादांनी डब्यांना गवसण्या शिवून दिल्या, धूळ नको म्हणून. भाऊंच्या चार खास डब्यांच्या गवसण्यांना तर झालरसुद्धा लावली, कारण खाटेच्या पायांखालचे डबे येणाऱ्याजाणाऱ्याला दिसतात.

पुढच्या सोमवारी वहिनींनी पहिल्या व्यापाऱ्याला फोन लावला.

"चढलाय की, बाई!" तिकडून खणखणीत आवाज आला. "तुम्हीच लिहिलंत ना तेजी येणार म्हणून? आम्ही माल धरून ठेवला. चढणार नाही तर काय होईल?"

"म्हणजे मी लिहिलं म्हणून चढला?"

"मग? आम्ही दुसऱ्या कुणाला विचारणार? दर सोमवारी तुमचा फोन आला की मी आधी तुमचं मागचं पत्रक काढतो, त्यातला भाव बघतो नि थोडा इकडेतिकडे करून सांगतो. बावीस वर्षं तसंच चाललंय."

वहिनींनी फोन ठेवला. इतकी वर्षं त्या बाजाराला विचारत होत्या, असं त्यांना वाटत होतं. प्रत्यक्षात त्या आरशापुढे उभं राहून आपल्यालाच विचारत होत्या, "काय गं, तूप काय भाव?"

पण भाव चढला होता, हे तर खरं ना? खोटं आपण होऊन खरं झालं, तर त्याला खोटं म्हणायचं कशाला? या विचारावर दोन आठवडे झकास गेले. भाऊ आलेखाची रेघ कॅलेंडरच्या वरच्या काठापर्यंत घेऊन गेले आणि पुढची तेजी मावायला डिंकानं नवा कागद चिकटवून ठेवला.

तिसऱ्या आठवड्यात मंडळाच्या वरच्या मजल्यानं इतिहासात प्रथमच पत्रक वाचलं. लगेच आदेश निघाला: 'बाजार-माहिती कक्षाने वर्तवलेली तेजी आवरण्यासाठी मंडळाची गोदामं खुली करण्यात येत आहेत.' गोदामं उघडली. ते बघून माल धरून बसलेल्या व्यापाऱ्यांनीही तो बाजारात सोडला. जेवढा चढला होता तेवढा भाव उतरला, आणि मग थांबायचं विसरून आणखी खाली गेला.

आणि वहिनींनी लिहिलं: भाव स्थिर.

पुढच्या शुक्रवारी पुन्हा भाव स्थिर. त्याच्या पुढच्या दोन्ही शुक्रवारीही. 'मंदी' हा शब्द लिहायला पेन टेकवावं, तर कॅलेंडरच्या पाठीवर डिंक लावणारी दोन बोटं दिसत. पहिलं खोटं घसा बसला म्हणून लिहिलं होतं, ही चार मात्र ठणठणीत आवाजात लिहिली होती. वहिनींना ऑफिसातला चहा कडू लागायला लागला.

घरात कुणी काही विचारत नव्हतं, हे त्याहून अवघड होतं. कोपऱ्यावरचा दुकानदार रोज फळ्यावर खडूनं भाव लिहायचा. दूध, साखर, तूप. वहिनी तो फळा दिसू नये म्हणून पलीकडच्या फुटपाथनं जायला लागल्या. एकदा तिथून जाताना समोरून शिंपीदादा आले. त्यांचं दुकान तर फळ्याच्याच बाजूला होतं.

"इकडून सावली असते," शिंपीदादा घाईनं म्हणाले.

त्यांच्या मागून डॉक्टरीणबाई आल्या. त्याही सावलीसाठीच. आकाश त्या दिवशी पूर्ण भरून आलेलं होतं.

अशात नियमकाकांना एक नियम सापडला. वीस डब्यांवर साठा असेल तर विकताना परवाना लागतो. भाऊंना अर्ज, नकाशा, क्षेत्रफळ हे शब्द ऐकूनच तरतरी आली. त्यांनी सासूबाईंची खोली मोजून 'गोदाम' म्हणून तिचा तीन रंगांत नकाशा काढला. अर्जात 'गोदामपालाचं नाव' असा रकाना होता. त्यात आईचं नाव घातलं. दिवसभर तिथेच असतात म्हटल्यावर दुसरं कोण?

साठा-निरीक्षक आले, ते दारातच थबकले.

"गोदामात कुणी झोपलेलं चालत नाही."

"झोपल्ये कुठे?" वरून सासूबाई म्हणाल्या. "ड्युटीवर आहे."

निरीक्षकांनी मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं, वहीत काहीतरी लिहिलं आणि खोडलं. मग साठा जमिनीपासून सहा इंच हवा असं सांगून, आणि झालर कुठून आणली ते विचारून, ते गेले. फळ्या आल्या. सासूबाई आणखी सहा इंच वर गेल्या. तिथून पंख्याचं पातं आपल्याला अगदी बारकाईनं दिसतं, असं त्या म्हणत.

परवान्याला आता एकच कागद कमी होता: चालू बाजारभावाचा दाखला. तो द्यायचा अधिकार देशात एकाच टेबलाला होता.

बुधवारी सकाळी अकराला शिपायानं वहिनींसमोर अर्ज ठेवला. अक्षर त्यांनी लांबूनच ओळखलं. प्रत्येक ओळ पट्टी धरून काढल्यासारखी सरळ. 'महोदया, तुपाच्या आजच्या भावाचा व कलाचा दाखला मिळावा, ही विनंती.' मान वर केली, तर समोरच्या बाकावर अर्जदार. इस्त्रीचा शर्ट, मांडीवर पिशवी. पिशवीत जेवणाचा डबा, तो वहिनींनीच सकाळी भरून दिला होता.

"बसा," त्या म्हणाल्या.

"बसलोय, मॅडम," भाऊ म्हणाले.

शेजारचे दोघं कारकून आपापल्या कागदांत इतके बुडाले, की त्यांच्या पगाराचं चीज झालं असं कुणालाही वाटावं.

वहिनींनी कोरा दाखला पुढे ओढला. 'भाव' आणि 'कल'. दोन रकाने. पत्रक वाऱ्यावर जातं, बुटात जातं. दाखल्यावर मात्र सही असते, शिक्का असतो. 'स्थिर' लिहिलं तर समोरचं माणूस घरी जाऊन कॅलेंडरला आणखी एक कागद चिकटवेल. 'मंदी' लिहिलं तर पुन्हा कधी पेन्सिल घेऊन पत्रक वाचायला बसणार नाही. बावीस वर्षांनी एक वाचक मिळाला होता, आणि तोही जाणार.

त्यांनी फोन उचलला.

"पत्रक बाजूला ठेवा," वहिनी पहिल्या व्यापाऱ्याला म्हणाल्या. "आज सकाळी तुमच्याकडून ज्यानं डबा नेला, त्यानं हातात काय ठेवलं, तेवढंच सांगा."

असा प्रश्न त्याला आजवर कुणी विचारला नव्हता. मग त्यानं सांगितलं. दुसऱ्यानंही सांगितलं. तिसऱ्यानं तर आधी खुर्ची ओढून घेतली. वहिनींनी भाव लिहिला आणि 'कल'पुढे लिहिलं, 'मंदी, गेले चार आठवडे.' सही केली. शिक्का उठवला. मग दाखला घेऊन आधी त्या कक्षप्रमुखांच्या केबिनमध्ये गेल्या, पाच मिनिटांनी बाहेर आल्या आणि तो अर्जदाराच्या हातात ठेवला.

भाऊंनी न वाचताच त्याची घडी घातली.

"वाचून घ्या," वहिनी म्हणाल्या.

"घरी वाचतो. चष्मा विसरलोय."

चष्मा त्यांच्या शर्टाच्या खिशातून अर्धा बाहेर डोकावत होता.

संध्याकाळी सगळे गोदामात जमले. शिंपीदादा स्टुलावर, नियमकाका दारात, डॉक्टरीणबाई खिडकीपाशी, आणि सासूबाई वर. भाऊंनी दाखला काढला, दोनदा खिसे चाचपले आणि तो डॉक्टरीणबाईंकडे दिला. "तुम्ही वाचा. तुमची नजर बारीक."

डॉक्टरीणबाईंनी वाचलं. "हं," त्या म्हणाल्या. "भाव... दिलेला आहे."

त्यांनी तो शिंपीदादांकडे सरकवला. "कागद चांगला वापरतात मंडळात," शिंपीदादा म्हणाले.

नियमकाकांनी तो उजेडाकडे धरला. "शिक्का सुस्पष्ट आहे. तारीख आहे. दाखला म्हणून यात काही उणं काढता येणार नाही."

दाखला फिरून वहिनींच्या हातात आला. त्यांनी एकदा झालरीकडे पाहिलं. तिचे टाके एकसारखे होते. कुणीतरी फार निगुतीनं घातले होते.

"भाव पडलाय," त्या म्हणाल्या. "चार आठवडे झाले. चार शुक्रवार मी स्थिर लिहीत आले, ते खोटं होतं. आणि त्याच्या आधीची ती लक्षणीय तेजी... ती तर नव्हतीच. मी मनानं लिहिली होती. परवाच्या पत्रकात दुरुस्ती जातेय, साहेबांना सांगून आल्ये. तुम्ही सगळ्यांनी माझ्यावर विश्वास ठेवून डबे घेतलेत. मला काय बोलावं ते कळत नाहीये."

"फळा मी रोज वाचत नव्हतो, वहिनी," शिंपीदादा शेवटी म्हणाले. "पण काय वाचायचं नाही, ते ठाऊक होतंच की."

"सावली!" डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि त्यांना एकदम हसू फुटलं.

भाऊ मात्र हसले नाहीत. ते चष्मा पुसत होते. "मला माहीत होतं," ते म्हणाले.

"भाव पडल्याचं?"

"ते तर होतंच. तेजीचंसुद्धा. त्या सोमवारी तुझा घसा बसला होता ना? सकाळी दोनदा, संध्याकाळी दोनदा गरम पाणी मीच करून दिलं. व्यापाऱ्यांना फोन करून बोलणार कशी होतीस तू? खुणा करून?"

वहिनी पुढे झाल्या. "मग घेतलेत कशाला हे डबे?"

"माझ्या डोक्यात प्रकाश पडला तेव्हा पहिले चार जिन्यात आले होते."

"परत पाठवायचे की!"

"जिन्यात हे सगळे उभे होते. त्यांच्यादेखत परत पाठवू? म्हणाले असते, बाईंच्या पत्रकावर घरच्यांचाच भरवसा नाही." भाऊंनी चष्मा लावला. "आणि मला वाटलं, हे आपले चोवीस घेऊन थांबेल. हे लोक पण घेतील, असं माझ्या आलेखात कुठे नव्हतं."

वहिनींनी दाखल्याची घडी घालून ती भाऊंच्या खिशात ठेवली.

"झालं सगळ्यांचं?" वरून आवाज आला. "मग आता मी बोलते. दोन महिने हे घर कोरडा भात गिळतंय. तुमच्याही घरी तेच, मला वास कळतो. तूप खायचं असतं रे! कुणी म्हणणार आहे की नाही हे या घरात? फोडा डबा."

भाऊ उठले आणि पक्कड शोधायला ड्रॉवर उघडला.

"कुठला फोडू, आई?"

"कुठला काय? पायांखालचे," सासूबाई म्हणाल्या. "आणि नुसत्या एकालाच हात लावू नकोस. चारही एकदम फोड, म्हणजे मी सरळ खाली येईन."